लिंकनच्या चरित्रातला क्लब आणि माझ्या वडिलांचे पुस्तक

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

१२ फेब्रुवारीला आपल्या बालपुरवणीत अब्राहम लिंकनवर पूर्ण पान आले होते. ओंडक्यांची झोपडी, चुलीच्या उजेडात वाचणारा मुलगा, पावसात भिजलेले उसने पुस्तक आणि त्याची भरपाई म्हणून शेतात केलेली मजुरी, आणि खाली चौकटीत हेडमास्तरांना लिहिलेले ते प्रसिद्ध पत्र. माझ्या नातीने पान कापून अभ्यासाच्या टेबलासमोर लावले. मी तिला अडवले नाही, पण आठवडाभर ते पान समोर दिसत राहिले आणि शेवटी हे पत्र लिहायला बसले. जरा लांबेल, जागा असेल तेवढे छापावे.

मी एका तालुक्याच्या गावी सार्वजनिक वाचनालयात छत्तीस वर्षे ग्रंथपाल होते. देवघेवीच्या टेबलाशी दर फेब्रुवारीत शाळेची मुले येत आणि "बाई, लिंकन द्या" म्हणत. आमच्याकडे लिंकनची सात मराठी पुस्तके होती. सातही मी वाचली आहेत, काहींच्या पाठी स्वतः खळीने चिकटवल्या आहेत. त्या सातांत मिळून जे नव्हते, त्याबद्दल मला लिहायचे आहे.

आधी त्या पत्राचे. वसंत बापटांनी त्याला दिलेले मराठी रूप इतके देखणे आहे की दोन पिढ्या ते शाळाशाळांतून वाचत आल्या. आमच्या वाचनालयाच्या जिन्यातही ते होते, आणि ते मीच लावून घेतले होते. पण लिंकनचे तोवर हाती आलेले सगळे लेखन १९५३ साली रटगर्स विद्यापीठाने आठ खंडांत छापले, त्यात हे पत्र नाही. पत्र लिंकनचे असल्याचा पुरावा कोणाही अभ्यासकाला सापडलेला नाही. त्या खंडांत दुसरे एक पत्र आहे, ते खरे आहे. १८६० च्या जुलैत, राष्ट्राध्यक्षपदाची उमेदवारी मिळून जेमतेम दोन महिने झाले असताना, लिंकनने आपल्या थोरल्या मुलाच्या मित्राला, जॉर्ज लॅथमला, लिहिले. तो पोरगा हार्वर्डच्या प्रवेश परीक्षेत नापास झाला होता. लिंकनचा स्वतःचा रॉबर्ट आदल्याच वर्षी तिथेच आपटला होता. तुझी बातमी वाचून फार वाईट वाटले, पण तू ठाम निश्चय केलास तर तुला यश मिळेलच, असे तो त्याला समजावतो. बालपुरवणीने पुढच्या वर्षी हे पत्र छापावे आणि आधीच्या पत्राबद्दल चार ओळींचा खुलासा द्यावा, एवढी विनंती करून मुख्य गोष्टीकडे येते.

माझे वडील लष्करी छावणीच्या एका गावी क्लबात कामाला होते. आधी बेअरर, मग बिलियर्डच्या खोलीत मार्कर, म्हणजे खेळणाऱ्यांचे गुण मोजणारा. साहेब गेले, मग आपले अधिकारी, वकील, कारखानदार सभासद झाले. कामगारांनी यायचे ते मागच्या फाटकाने, हा नियम तसाच राहिला. क्लबात वाचनाची खोली होती. वडील तिथली कपाटे पुसत, वर्तमानपत्रे काठीला लावून ठेवत, पण खुर्चीवर बसण्याची मुभा नव्हती. मी सातवीत असताना क्लबाने जुनी पुस्तके रद्दीत काढली. वडिलांनी वजनावर एक पुस्तक घेतले: लॉर्ड चार्नवूडने १९१६ साली लिहिलेले लिंकनचे चरित्र. पहिल्या पानावर क्लबाचा अंडाकृती जांभळा शिक्का. वडील शाळेत चौथीपर्यंतच गेलेले. वीरकरांची डिक्शनरी शेजारी ठेवून ते रात्री दोन-दोन पाने वाचत. ते पुस्तक त्यांना तीन वर्षे पुरले. वाचून संपल्यावर त्यांनी मला विचारले, "हा माणूस आमच्या क्लबात आला असता तर पुढच्या दाराने आला असता की मागच्या?"

त्यांना तेव्हा मी काहीच सांगू शकले नाही. आज सांगू शकेन, कारण लिंकनच्या आयुष्यात खरोखरच एक क्लब आहे.

माझी मुलगी फिलाडेल्फियाच्या उपनगरात राहते. तिच्याकडे मी दोनदा राहून आले. शहराच्या मध्यावर, ब्रॉड स्ट्रीटवर, सिटी हॉलच्या दक्षिणेला एक लाल विटांची आणि तपकिरी दगडाची जुनी वास्तू आहे. दर्शनी बाजूला दोन वळणदार जिने दोहोंकडून चढत जाऊन एका दाराशी मिळतात. हीच फिलाडेल्फियाची युनियन लीग, तोच हा क्लब. आजही ती खासगी संस्था आहे. ऐतिहासिक वस्तूंचे दालन तेवढे ठरावीक वेळी लोकांना पाहता येते. इमारत वापरात आली १८६५ च्या मे महिन्यात. लिंकनची हत्या त्याच वर्षी एप्रिलच्या मध्यावर झाली. ज्याच्या पाठिंब्यासाठी संस्था निघाली, त्याने तिचे हे घर पाहिलेच नाही.

संस्था निघाली ती १८६२ च्या अखेरीस. साल फार वाईट होते. गुलामगिरीवरून फुटून निघालेल्या दक्षिणेकडच्या राज्यांशी लिंकनच्या सरकारचे यादवी युद्ध चालू होते. निवडणुकांत लिंकनच्या पक्षाला फटका बसला होता, डिसेंबरात फ्रेडरिक्सबर्गला त्याच्या सैन्याचा दारुण पराभव झाला, आणि गुलामांच्या मुक्तीचा जाहीरनामा १ जानेवारीला अमलात यायचा होता. फिलाडेल्फिया उत्तरेतले शहर खरे, पण तिथल्या बड्या घरांची दक्षिणेशी सोयरीक होती, व्यापार होता. प्रतिष्ठितांच्या बैठकीत लिंकनची बाजू घेतली की भोवतालची माणसे गप्प होत. तेव्हा काहींनी ठरवले की आपण आपली वेगळी बैठक घालू आणि सरकारशी निष्ठा असेल त्यालाच तिथे घेऊ. न्यूयॉर्कलाही तेच झाले. तिथल्या जुन्या युनियन क्लबाने दक्षिणेच्या बाजूच्या सभासदांना काढून टाकायला नकार दिला, म्हणून नाराज मंडळी बाहेर पडली आणि फेब्रुवारी १८६३ मध्ये युनियन लीग क्लब उभा राहिला. संस्थापकांत सेंट्रल पार्क आखणारा फ्रेडरिक लॉ ओल्मस्टेड होता, हेन्री बेलोज हा धर्मोपदेशक होता.

या क्लबांनी नुसते जेवणावळी आणि टाळ्या केल्या असत्या तर मी आपली जागा अडवली नसती. फिलाडेल्फियाच्या लीगने लिंकनच्या धोरणाच्या बाजूने लाखो पत्रके छापून वाटली. लीगच्या लोकांनी पुढाकार घेऊन काळ्या सैनिकांची भरती केली. शहराबाहेर कॅम्प विल्यम पेन नावाची छावणी १८६३ मध्ये सुरू झाली आणि तिथून अकरा पलटणी तयार होऊन गेल्या, सुमारे ११,००० माणसे.

आणि मला ग्रंथपाल म्हणून सर्वांत जवळची वाटणारी गोष्ट अशी: लीगचा सचिव जॉर्ज बोकर हा कवी होता. तो आणि त्याचा लेखक मित्र चार्ल्स लेलँड यांनी मुक्तीच्या जाहीरनाम्याच्या ४८ प्रती मोठ्या कागदावर सुबक छापून घेतल्या. त्यांवर स्वतः लिंकनने आणि परराष्ट्रमंत्री सेवर्डने सह्या केल्या. जून १८६४ मध्ये जखमी सैनिकांच्या मदतीसाठी फिलाडेल्फियात मोठी जत्रा भरली, तिथे या प्रती १० डॉलरला एक अशा विकायला ठेवल्या. लिंकन १६ जूनला त्या जत्रेत आला, भाषण केले आणि त्याच मुक्कामात लीगच्या तेव्हाच्या जागेत जाऊनही आला. सगळ्या प्रती खपल्यासुद्धा नाहीत! उरलेल्यांतल्या काही ग्रंथालयांना देऊन टाकल्या. त्या ४८ प्रतींतली एक, जी पुढे अमेरिकी नेते रॉबर्ट केनेडींकडे होती, २०१० साली लिलावात पस्तीस लाख डॉलरच्या वर गेली. आमच्या सातांपैकी एकाही पुस्तकात ही जत्रा नाही, बोकर नाही, लीग नाही. मुक्तीचा जाहीरनामा सगळ्यांत आहे, पण तो एका महात्म्याच्या लेखणीतून उतरला आणि गुलाम सुटले, असा. तो छापायला, वाटायला, त्याच्यासाठी लढणाऱ्या माणसांना गणवेश मिळवून द्यायला कोणी वर्गण्या गोळा केल्या, हे मुलांना कळत नाही. सार्वजनिक वाचनालय वर्गणीवर कसे चालते हे मी जन्मभर पाहिले आहे, म्हणून ही उणीव मला सलते.

न्यूयॉर्कचा प्रसंग तर पान राखून सांगावा असा आहे. जुलै १८६३ मध्ये सक्तीच्या सैन्यभरतीविरुद्ध तिथे दंगल पेटली आणि जमाव काळ्या माणसांवर तुटून पडला. फिफ्थ अव्हेन्यूवरचे काळ्या मुलांचे अनाथालय जाळले. आतली २३३ मुले कशीबशी मागच्या बाजूने बाहेर काढली. त्यानंतर आठ महिन्यांनी, ५ मार्च १८६४ ला, त्याच शहरात युनियन लीग क्लबाने उभी केलेली काळ्या सैनिकांची विसावी पलटण भर रस्त्यातून संचलन करत गेली. युनियन स्क्वेअरला क्लबाच्या दारात क्लबाच्या सभासदांच्या घरच्या स्त्रियांनी पलटणीला निशाण दिले. मी हे प्रथम वाचले तेव्हा वडिलांची फार आठवण झाली. त्यांना म्हटले असते, बघा, एका क्लबाच्या पुढच्या दारी असेही झाले आहे.

पण तिथेच थांबले असते तर मीही त्या सात पुस्तकांसारखेच केले असते. त्याच क्लबात १८९३ साली काय झाले तेही सांगायला हवे. जेसी सेलिगमन हा ज्यू सावकार क्लबाचा जुना सभासद आणि उपाध्यक्ष होता. त्याच्या थोरल्या भावाच्या, जोसेफच्या, पेढीने युद्धाच्या काळात लिंकन सरकारचे कर्जरोखे युरोपात खपवायला मदत केली होती. जेसीचा मुलगा थिओडोर, तरुण वकील, सभासदत्वासाठी उभा राहिला आणि त्याला नाकारले. नाकारण्याचे कारण तो ज्यू होता, हे कोणी लपवलेही नाही. अशा क्लबांत निवड गुप्त मतदानाने होते. पेटीत पांढरे गोळे होकाराचे, काळे नकाराचे, ही त्यांची जुनी रीत, आणि 'ब्लॅकबॉल' हा शब्द तिथूनच आला. बाप उपाध्यक्ष, आणि मुलाला दार बंद. जेसीने राजीनामा दिला. पुढच्याच वर्षी तो वारला.

फिलाडेल्फियातही ज्या सैनिकांची भरती मोठ्या मनाने झाली, त्यांच्या आया-बायका कॅम्प विल्यम पेनला भेटायला निघाल्या की त्यांना घोड्यांच्या ट्रॅममध्ये चढू देत नसत. ऑक्टेव्हियस कॅटो या काळ्या शिक्षकाने आणि त्याच्या सोबत्यांनी लढा दिला, तेव्हा १८६७ मध्ये कायदा होऊन ट्रॅम खुल्या झाल्या. कॅटोला १८७१ मध्ये मतदानाच्या दिवशी भररस्त्यात गोळ्या घातल्या. त्याचा पुतळा सिटी हॉलपाशी २०१७ साली बसला. युनियन लीगच्या जिन्यापासून त्या पुतळ्यापर्यंत मी माझ्या दुखऱ्या गुडघ्यांनी चालत गेले. पाच-सात मिनिटे लागली. त्या शहराने आपल्याच काळ्या नागरिकाचा सार्वजनिक जागेत पुतळा उभारला, त्याला एवढी वर्षे जावी लागली.

स्त्रियांचे तर सांगायलाच नको. निशाण द्यायला १८६४ मध्ये स्त्रिया चालल्या, सभासद व्हायला चालल्या नाहीत. न्यूयॉर्क शहराने १९८४ मध्ये मोठ्या खासगी क्लबांना भेदभाव करायला बंदी करणारा कायदा केला, क्लबांच्या संघटनेने त्याला आव्हान दिले, आणि जून १९८८ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने एकमताने शहराच्या बाजूने निकाल दिला. मी तेव्हा नोकरीत मुरले होते, वाचनालयाच्या तिजोरीची किल्ली माझ्याकडे होती. लिंकनच्या नावाने वाढलेल्या क्लबांत बायकांना सभासद म्हणून जेवणाच्या टेबलाशी बसायला तोवर थांबावे लागले, हे मला खरोखर माहीत नव्हते. आमच्या पुस्तकांतून कळलेच नसते.

वॉशिंग्टनला ज्या फोर्ड थिएटरात लिंकनला गोळी लागली, त्याच्यासमोरच्या केंद्रात लिंकनवरच्या पुस्तकांचा मनोरा आहे. ३४ फूट उंच, ६,८०० च्या आसपास पुस्तके. खरी नव्हेत, धातूची केलेली, पण मुखपृष्ठे खऱ्या पुस्तकांची. मी जिन्याच्या कठड्याला धरून खालून वर पाहत उभी राहिले. जगात एका माणसावर एवढे लिहिले गेले, आणि आमच्या मुलांपर्यंत त्यातली झोपडी, भिजलेले पुस्तक आणि एक खोटे पत्र एवढेच पोचते, याचे वाईट वाटले.

महाराष्ट्राचा या गोष्टीशी संबंध जुना आहे. जोतीराव फुल्यांनी १८७३ साली 'गुलामगिरी' अर्पण केली ती अमेरिकेतल्या सदाचारी लोकांना, गुलामांना दास्यातून मुक्त केल्याबद्दल. पुण्यात बसून त्यांनी एकट्या लिंकनला नाही, लोकांना अर्पणपत्रिका लिहिली, हे मला फार मोठे वाटते. त्या लोकांत कॅम्प विल्यम पेनचे जवान आले, कॅटो आला, पत्रके वाटणारे लीगचे सभासदही आले. फुल्यांनी त्यांच्याकडून आपल्या देशबांधवांनी धडा घ्यावा अशी आशा केली होती. त्यानंतर वीस वर्षांनी सेलिगमनच्या मुलाला काळे गोळे पडले, म्हणून फुल्यांची आशा चुकीची ठरत नाही. पण आपल्या मुलांना दोन्ही गोष्टी एकाच पुस्तकात वाचायला मिळाल्या पाहिजेत.

दुसऱ्या बाजूची पुस्तकेही मी पाहिली आहेत. आपल्याकडच्या जुन्या क्लबांनी शताब्दीला, सव्वाशे वर्षांना गुळगुळीत कागदावर जाड ग्रंथ काढले. आमच्या वडिलांच्या क्लबाचाही निघाला. एका ओळखीच्या सभासदाने मला पाहायला दिला. त्यात गव्हर्नर आहेत, घोडे आहेत, करंडक आहेत, दिवाणखान्यातल्या झुंबराचा इतिहास दोन पाने आहे. बत्तीस वर्षे क्यू, म्हणजे बिलियर्डच्या काठ्या, पुसून रॅकला लावणाऱ्या मार्करचे नाव नाही. एका समूहचित्रात शेवटच्या ओळीत, पगडी आणि पट्टा घातलेले वडील मला ओळखू आले. चित्राखाली पुढच्या दोन ओळींची नावे छापली आहेत आणि मग 'कर्मचारीवर्ग' एवढाच शब्द. हिंदी माणसाला गोऱ्यांच्या क्लबात प्रवेश नव्हता म्हणून १९१८ साली मुंबईत विलिंग्डन क्लब निघाला, हे आपण अभिमानाने सांगतो आणि सांगावेच. त्या सगळ्या क्लबांच्या मागच्या फाटकांचा इतिहास लिहायला मात्र अजून कोणी बसलेले नाही. ती माणसे आता ऐंशी-नव्वदीत आहेत. त्यांची मुले मीच काय, आपल्या वाचकांत कितीतरी असतील. त्यांच्याकडे पगाराची कार्डे असतील, साहेबांनी दिलेल्या शिफारशीच्या चिठ्ठ्या असतील, एखादा फोटो असेल. तुम्ही आवाहन केलेत तर ते पाठवतील. मी माझ्याकडचे पहिल्यांदा पाठवते.

लिंकनवर मराठीत नवे काही लिहू पाहणाऱ्यांनाही माझी विनवणी आहे की एक प्रकरण या क्लबांना द्या. लहान मुलांना ते समजणार नाही असे म्हणू नका. माझ्या दहा वर्षांच्या नातीला मी सेलिगमनची गोष्ट सांगितली, तेव्हा तिने पहिला प्रश्न विचारला की ज्यांनी काळा गोळा टाकला ते दुसऱ्या दिवशी त्याच्या बाबांशी काय बोलले असतील. याचे उत्तर शोधायला एखाद्या लेखकाने जुन्या न्यूयॉर्कची वर्तमानपत्रे चाळावीत.

चार्नवूडचे ते पुस्तक अजून माझ्याकडे आहे. पाठ निखळली होती, ती बांधून घेतली. पुढच्या महिन्यात मी ते आमच्या जुन्या वाचनालयाला देणार आहे. संदर्भ विभागात ठेवा, घरी देऊ नका, असे सांगून ठेवले आहे. आत एक चिठ्ठी चिकटवली आहे, त्यावर युनियन लीग, ५ मार्च १८६४ चे संचलन आणि १८९३ ची क्लबातली निवडणूक यांची दहा-बारा ओळींत माहिती लिहिली आहे. क्लबाचा जांभळा शिक्का तसाच ठेवला. त्याच्या शेजारी वडिलांचे पूर्ण नाव लिहिले आणि खाली 'बिलियर्ड मार्कर, वाचक' असे लिहिले.

आपली नम्र,
एक निवृत्त ग्रंथपाल
जि. सातारा
(नाव व पत्ता केवळ संपादकांच्या माहितीसाठी)